बोटीसाठी आणलेला हार

ये गं बाय, इथं माझ्याजवळ बस. असं म्हणायला तू समोर पाहिजेस ना. तू तिकडे दुबईच्या दुसऱ्या टोकाला, सिलिकॉन ओएसिसला, म्हणून लिहितेय. नुसता फोटो पाठवायचा आणि गप्प बसायचं, ही कुठली रीत? अजमानच्या बोटींच्या यार्डाजवळून जाताना तुला आजोबांची बोट दिसली, तिच्या तोंडाशी कटरच्या ठिणग्या उडताना दिसल्या. पाठवलास फोटो, खाली इंग्रजीत सॉरी. त्या फोटोनं आमच्या अल मनखूलच्या घरात काय झालं ते ऐक.

आजोबा चहा तसाच ठेवून गॅलरीत जाऊन बसले. गुडघ्याच्या ऑपरेशनपासून खाली उतरत नव्हतेच, आता जेवायलाही उठेनात. म्हणाले, "तिला भंगारात काढलं. आता इथं मला ओळखणारं कोण राहिलं? गावी जाऊ."

त्या बोटीवर ते भंडारी होते, म्हणजे स्वयंपाकी. तिचा तळ सपाट आणि पुढचं तोंड म्हणजे एक अख्खा लोखंडी दरवाजा. वाळूला टेकली की दरवाजा खाली पडायचा, त्याचाच उतरायला रस्ता व्हायचा. बोट हाकणारा जुना टंडेल सांगायचा, मोठ्या लढाईत त्यावरून रणगाडे उतरले. लढाई संपल्यावर विकली गेली, फिरत फिरत आखातात आली आणि बेटांवर सिमेंट, पाणी, खजुराची रोपं पोचवू लागली. मी इकडे नवीन आले तेव्हा ह्यांनी मला दाखवायला नेलं. लढाईची बोट म्हणून मी धास्तावलेली. दरवाजा पडला, तर आतून बकऱ्या आल्या. एकीनं माझा पदरच चावायला घेतला. आजोबा हे सांगून दर वेळी हसतात. त्या आठवड्यात काही हसले नाहीत.

मग मीच ठरवलं, निरोप तरी नीट द्यायचा. बर दुबईला देवळाच्या गल्लीतून झेंडूचा हार आणि नारळ आणला, टॅक्सी बोलावली. वाटभर मी बोलतेय आणि हे मांडीवर हार घेऊन खिडकीबाहेर बघतायत.

यार्डाचा फोरमन केरळचा, पूर्वी ह्याच बोटीवर ह्यांच्या हातचं जेवलेला. हार बघून विचारतो, कोण गेलं? ह्यांनी बोटीकडे बोट दाखवलं. तो हसायलाच लागला. "चाचा, पुराना दरवाजा काटा है. बोट थोडी काटी है. परसों माल लेके जाएगी."

खरंच की. गंजका दरवाजा बाजूला पडलेला आणि तोंडाला नवा बसवलेला, अजून रंगसुद्धा नव्हता लागला. तेराव्याला यावं आणि बारसं निघावं, तशी आमची गत. नारळ आता परत न्यायचा का, मी विचारलं. फोरमन म्हणाला, नवा दरवाजा आहे, फोडा त्यावरच, यल्ला, चला लवकर.

ह्यांनी काठी माझ्या हातात दिली, त्याचा खांदा धरला आणि खाली टेकलेल्या नव्या दरवाज्याच्या चढावावर पाऊल टाकलं. डॉक्टर सांगून थकले होते गं चाला म्हणून. वर जाऊन हार घातला, नारळ फोडला, खोबरं वेल्डिंगवाल्यांना वाटलं. आणि मग थेट स्वयंपाकघरात. नव्या भंडाऱ्याला म्हणाले, तेल चुलीच्या एवढं जवळ ठेवतात का? तेव्हा मी ओळखलं, माणूस परत आला.

आता रोज संध्याकाळी खाडीवर चालायला जातात. गावी जायचं नाव नाही. बोट बेटावरून परतली की तुला त्या दरवाज्यावरून आत न्यायचंय म्हणे. ह्या शनिवारी परततेय ती, तर तू ये. ऑफिसचं काही सांगू नकोस. आणि चांगली ओढणी घेऊन येऊ नकोस, आत बकऱ्या असल्या तर?