हसेल त्याला खिडकी

इस्त्रीच्या कारखान्यात मुकादमाचा विनोद कधी फुकट गेला नाही. जाईल कसा? रोज सकाळी टेबलांची वाटणी त्याच्या हातात. खिडकीजवळची चार टेबलं वाऱ्याची, बाकीची बॉयलरला चिकटलेली, तिथं माणूस उकडून निघे. मुकादम आधी विनोद सांगायचा, मग जागा वाटायचा. पोट धरून हसेल त्याला खिडकी. शेंबड्या पोराला कळेल असा हिशेब, पण ह्या शहाण्याला वाटायचं, आपल्या जिभेवर सरस्वतीच बसलीय.

लाडका विनोद एकच. एका बाईनं कामाला लागल्या लागल्या शर्टाची कॉलर जाळली, आणि त्याच महिन्यात तिचा नवरा घर सोडून गेला. मुकादम म्हणायचा, "जळकी कॉलर बघून पळाला बिचारा. म्हणाला, उद्या माझ्या गळ्यावर इस्त्री फिरली तर?" अकरा वर्षं पोरी हसत राहिल्या. बाई एकदाही हसली नाही, म्हणून अकरा वर्षं बॉयलरपाशी उभी राहिली.

मुकादम निवृत्त झाला. बायको वारली. वर्षभरात मुलानं आणि सुनेनं त्याचं अंथरूण जिन्याखाली टाकलं. कमवाल तर जेवाल, असं तोंडावर सांगितलं, तेही सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं. शेवटी टॉवेल मोजायचं तरी काम द्या म्हणत तो कारखान्यात आला, तर मुकादमाच्या खुर्चीत ती बाई.

त्याला वाटलं, चार जणी हसल्या की झालं काम. कमनशिबी माणसाला बुद्धीही तशीच सुचते. त्यानं तोच कॉलरचा विनोद सांगितला.

कुणी मान वर केली नाही. ऐकू गेलं नसेल, असं वाटून त्यानं पुन्हा सांगितला, जरा मोठ्यानं. पूर्वी ह्याच विनोदाला डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसणारी एक पोरगी समोरच होती, ती शर्टाची बाही सरळ करत राहिली.

"टॉवेल मोजायचं काम आहे, काका," बाई म्हणाली. "उद्या सकाळी या."

सकाळी सगळ्या जणी जागेसाठी उभ्या होत्या. बाईनं त्याला पुढे बोलावलं.

"हे आपले जुने मुकादम. ह्यांचे विनोद ऐकून ऐकून बायको वर गेली. सून म्हणाली, मला अजून जगायचंय, ह्यांना जिन्याखाली ठेवा."

हशा पिकला. बायको तीन महिने अंथरुणाला खिळून होती. शेवटचं पाणी ह्यानंच तिच्या तोंडात घातलं होतं. त्याला रडू फुटायला आलं. मग त्याची नजर खिडकीकडे गेली, आणि तो हसला. सगळ्यांच्या वरताण हसला.

बाईनं बॉयलरकडे बोट केलं.

"उद्या अजून जोरात हसा, काका. मग बघू."

"बरं, बाई," तो म्हणाला आणि टॉवेल मोजायला बसला.