पांढरा कंदील

भर पावसाळ्यात महाडकरानं घर सोडायचं म्हणजे आधी सामान माळ्यावर चढवायचं. सावित्री नदीचा काय भरवसा? गाद्या, धान्याचे डबे, शिलाई मशीन सगळं वर टाकलं, किल्ली शेजारच्या हमीदाभाभींकडे दिली आणि आम्ही दोघं निघालो. आमची लेक सायली जपानात क्योतोला नोकरी करते. तिनं तिकिटंच काढून पाठवली, मग काय करणार!

आमचे हे एसटीचे निवृत्त ड्रायव्हर. वरंधच्या घाटात उमर काढली, पण विमानात खुर्चीचा दांडा घट्ट धरून बसले होते. निघण्यापूर्वी उमरठच्या वरच्या आमच्या वाडीवर जाऊन आलो, तेव्हा मी यांना दरवर्षीप्रमाणे बोललेच. सगळ्या रानात नाचणी लावलेली आणि ऐनाच्या झाडाखालचा तुकडा तेवढा पडीक. आळस नुसता! यांनी नेहमीसारखं ऐकून सोडून दिलं.

एक गोष्ट इथंच सांगते, नाहीतर पुढचं कळायचं नाही. सायलीच्या आधी मला मुलगा झाला होता. मेलेलाच जन्मला. सासूबाईंनी तोंड पाहू दिलं नाही. यांनी त्याला माझ्या जुन्या पातळात गुंडाळून नेलं. कुठं पुरलं, ते मला कुणी सांगितलं नाही. एकदा विचारलं तर हे जेवत्या ताटावरून उठून गेले. पुन्हा विचारायचा धीर झाला नाही, पण मनातून ते कधी गेलंही नाही.

क्योतो ही जपानची जुनी राजधानी. चहूकडे डोंगर, मधून नदी. “महाडच म्हण की,” हे म्हणाले. पण तिथली नदी आपल्यापेक्षा शहाणी दिसली. देवळं लाकडाची, आतून काळोखी आणि इतकी शांत, की आपल्याच पावलांचा संकोच वाटावा. दुपारी एका देवळाच्या पायरीवर बसून ओनिगिरी (समुद्री शेवाळात गुंडाळलेला भाताचा मुटका) खाल्ली. बरी होती, पण अळणी. मी पिशवीतून सुकटीची चटणी काढली तेव्हा कुठं यांच्या जिवात जीव आला.

एका संध्याकाळी सायली कामावर असताना दोघंच फिरायला निघालो आणि चुकलो. सगळ्या गल्ल्या सारख्या, घरं सारखी. एका गल्लीत मांडव घातलेला दिसला. त्यात मुलं गोल बसून एक भलीमोठी जपमाळ हातोहात फिरवत होती. मधे वेशीवरच्या देवासारखा एक दगड, फक्त शेंदराऐवजी त्याच्या गळ्यात तान्ह्या मुलाचं लाल लाळेरं. वर कागदी कंदील लावलेले. एका म्हातारीनं आम्हाला हातानं खूण करून बसवलं, थंड चहा दिला. सायलीला फोन केला, म्हातारीनंच तिला पत्ता सांगितला, तासाभरानं ती धावत आली. मग तिच्या तोंडून सगळा उलगडा झाला.

तो देव जिझो, मुलांचा राखणदार. जी जगली नाहीत त्यांचाही. गल्लीत मूल जन्मलं की त्याच्या नावाचा कंदील करतात, मुलीचा लाल, मुलाचा पांढरा. म्हातारीनं एक विटलेला पांढरा कंदील दाखवला. तिचा मुलगा चालायला लागण्याआधीच गेला होता. कंदील ती अजून दर वर्षी लावते. मग तिनं विचारलं, तुम्हाला मुलं किती?

मी सवयीनं म्हटलं, ही एकच.

“दोन,” हे म्हणाले. “दोन हायत, सांग त्यांना. पयला मुलगा. जगला नाय.”

सायलीला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. तिनं माझ्याकडे बघितलं, मी हो म्हटलं. मग खालच्या आवाजात तिनं ते जपानीत सांगितलं. म्हातारी उठून आत गेली आणि एक नवा पांढरा कंदील घेऊन आली. नाव काय लिहू, म्हणून विचारलं. यांनी मान हलवली. नाव ठेवलंच नव्हतं. तिनं तो तसाच कोरा, आपल्या मुलाच्या कंदिलाशेजारी टांगला आणि पेटवला. मी परक्या मुलखात, परक्या गल्लीत पोटभर रडले. मला कुणी गप्प केलं नाही.

परतताना नदीकाठी मी विचारलं, “कुठं ठेवलंत हो त्याला?”

“घरी गेल्यावर दाखवतो,” हे म्हणाले.

त्यानंतरही आम्ही पुष्कळ पाहिलं. बागा पाहिल्या, राजवाडा पाहिला, गुडघे मोडून बसून चहाचा तो विधीही केला. पण त्यातलं मला फार विचारू नका. माझा जीव तिथं नव्हता.

महाडला उतरलो, तर घर कोरडं होतं, देवाची कृपा. दुसऱ्याच दिवशी पोलादपूर, उमरठ करत वाडी गाठली. नाचणी कणसांवर आली होती. हे पुढे चालत होते. ऐनाखाली जाऊन थांबले आणि गवत बाजूला केलं. एक चपटा दगड होता.

“इथं सावली हाय, म्हणून,” हे म्हणाले. “नांगर लागू दिला नाय कधी.”

मी खाली बसले. दगडावर हात ठेवला. बाहेर ऊन असूनही तो गार होता. एवढी वर्षं मी या माणसाला या तुकड्यावरून बोलत आले, आणि यांनी ते निमूट ऐकून घेतलं.

तेवढ्यात वाडीवरच राहणारे माझे धाकटे दीर वरून आले. मला तिथं बसलेली बघून हसले आणि म्हणाले, “वैनी, दरवर्षी एवढं बोलताय तर पुढल्या पावसात हा कोपरा उकरून नाचणी लावू या.”

“नको भावजी,” मी म्हटलं. “तो आमच्या थोरल्याच्या वाटणीचा आहे.”