मिशीआडचा प्रश्न

आमच्या थोरल्या मावशीला अख्खी गल्ली ‘मुकी’ म्हणायची. घरी बाईचं तोंड उठल्यापासून गिरणीच्या पट्ट्यासारखं चालायचं, तरी मुकी. घरी चालायची ती आमची गावची बोली. शहराच्या भाषेत मात्र तिच्या तोंडून कुणी कधी हूं की चूं ऐकलं नव्हतं. गंमत अशी, की ती भाषा तिला पुरती येत होती.

शहर गिरण्यांचं. आधी डोंगराकडची माणसं आली ती रूळ टाकायला. मग खाऱ्या पाण्याकाठची आली आणि रंगखात्यात शिरली. आमच्याकडची पोचली तोवर बऱ्या गल्ल्या संपल्या होत्या. दर गल्लीची बोली वेगळी. एका गल्लीतल्यानं दुसऱ्या गल्लीत जाऊन शिवी दिली तर ती फुकट जायची.

मागाच्या खात्यात हे भेद चालत नसत. चारशे मागांचे धोटे एकदम खडखडायला लागले की कानात तोंड घालून बोंबललं तरी ऐकू येत नसे. म्हणून विणणाऱ्यांची रीतच पडली होती. आवाज काढायचाच नाही, तोंड मोठं उघडायचं आणि एकेक शब्द चावून समोरच्याला दाखवायचा. मावशी शहराची भाषा शिकली ती अशी, डोळ्यांनी. कुणाच्या सुनेनं काय केलं, कुणाच्या नवऱ्यानं काय प्यायलं, सगळं तिला सहाव्या मागावरून कळायचं. बाजारात तीच भाषा कानावर पडली की नुसता कलकलाट. बोलणाऱ्याच्या ओठांकडे पाहिलं की मगच अर्थ लागायचा. आणि स्वतः बोलायची तेही बिनआवाजी. दुकानदार बिचारे हळहळायचे आणि मापात चिमूटभर जास्त घालायचे. मावशीनं त्यांचा गैरसमज कधी दूर केला नाही.

एका खोलीत ती आठ माणसं राहत. मावशी, काका, सासूबाई, तीन पोरं, दीर आणि जाऊ. नळ गल्लीच्या टोकाला. अशात कंपनीनं नव्या खोल्या बांधल्या. दोन-दोन खोल्यांचं घर, नळ आत. बारा वर्षं नोकरी झालेल्यालाच मिळणार. काकांची बॉयलरवर पाचच झाली होती, मावशीची मागावर बारा पुरी, म्हणून अर्ज मावशीच्या नावानं. बाकीची घरं वाटून झाली होती, एकच उरलं होतं. आधी दलालांनी लोकांच्या नावावर घरं लाटलेली, म्हणून घरं वाटणाऱ्या समितीनं नियम केला होता. अर्जदारानं स्वतः येऊन शहराच्या भाषेत उत्तरं द्यायची, दुभाषा चालणार नाही. इथंच घोडं पेंड खात होतं.

“तू काय बोलणार तिथं?” काका म्हणाले.

“मला सगळं येतं.”

“मग बोलून दाखव.”

मावशीनं ओठांनी लांबलचक वाक्य म्हटलं. काका वाट बघत राहिले. “झालं?”

“झालं.”

“मग घर गेलं,” काका म्हणाले आणि बिडी शोधायला लागले.

समितीत तिघं होते. एक कारकून बाई, एक मागाच्या खात्यातला निवृत्त जॉबर, म्हणजे मुकादम, आणि मधे अध्यक्ष. अध्यक्षांना मिशी होती. मिशी कसली, झाडूच. वरचा ओठ पार गडप, खालचाही निम्मा. त्यांनी प्रश्न विचारला. मावशीला दिसलं एवढंच, की गवताच्या गंजीत उंदीर शिरावा तशी मिशी हलली. त्यांनी पुन्हा विचारलं. पुन्हा उंदीर.

“येत नाही, असं लिहू?” कारकून बाईनं विचारलं.

तिचे ओठ स्वच्छ. ते मावशीनं झटक्यात वाचले. तिनं तोंड मोठं उघडून, आवाज न काढता सांगितलं, “येतं. त्यांना मिशी वर धरायला सांगा.”

जॉबर खोकल्याच्या मिषानं हसायला लागला.

“काय झालं?” अध्यक्षांनी विचारलं.

“काही नाही. बाई म्हणतात, तुम्ही मिशी वर धरा.”

“मला तर काही ऐकू आलं नाही.”

“तीस वर्षं मागावर काढा, मग येईल.”

“दुभाषा नको, हे तुम्हीच ठरवलंत ना?” अध्यक्ष म्हणाले.

“मग मी गप्प बसतो. तुम्ही धरा मिशी.”

अध्यक्षांनी नाइलाजानं फूटपट्टी आडवी धरून मिशी वर उचलली. “घरात माणसं किती?”

मावशीचे ओठ लगेच हलले. आठ, सासूबाईंना धरून.

“आवाज काढा, बाई. नाहीतर मी काय लिहू?”

खरी पंचाईत आता होती. डोळ्यांनी शिकलेली भाषा घशातून आजवर बाहेर पडलीच नव्हती. मावशीनं डोळे मिटले, मनातल्या मनात चारशे माग सुरू केले आणि त्यांच्या वरताण ओरडली, “आठ.” बाहेरचा शिपाई धावत आत आला. शब्द शहराचा आणि हेल आमच्या गावचा, शेवटी वर चढणारा. कारकून बाई फिस्सकन हसली.

“ही काय बोलायची पद्धत?” अध्यक्ष म्हणाले.

“तुमचे आजोबाही असंच आपल्या गावच्या हेलात बोलायचे,” जॉबर म्हणाला. “रंगखात्यात होते. पगाराच्या खिडकीशी स्वतःचं नाव सांगायचे, तर आतला बाबू म्हणायचा, लिहून आणा.”

अध्यक्षांची फूटपट्टी घसरली. ती त्यांनी पुन्हा लावली आणि पुढचे प्रश्न जरा हळू विचारले. मावशीनं सगळ्यांची उत्तरं दिली, तितक्याच आवाजात. शेवटचा प्रश्न होता, घर का हवं?

“बारा वर्षं मी आणि सासूबाई एका खोलीत आहोत,” मावशी ओरडली. “तुम्हाला सासू आहे का?”

अध्यक्षांनी सही केली. “किल्ली उद्या मिळेल.”

“आज,” मावशी म्हणाली आणि खुर्चीवरून हलली नाही.

काका फाटकाशी उभे होते. बायकोचा आवाज तिथवर आला होता. भांडण जुंपलं, आता नोकरीही गेली, अशी त्यांची खात्री झाली होती. मावशीनं किल्ली हातात दिली, ती त्यांनी उलटीपालटी करून पाहिली.

“ओरडून मिळाली?”

“विचारलं ते सांगितलं.”

दोघं नव्या घराकडे गेले, तर पायरीवर सासूबाई बसलेल्या. शेजारी त्यांचं गाठोडं आणि पाण्याची कळशी.

“आई, तुम्ही केव्हा आलात?” काकांनी विचारलं.

“सकाळीच.”

“आणि घर मिळालं नसतं तर?”

“बारा वर्षं हिचं तोंड मी ऐकतेय,” सासूबाई म्हणाल्या. “तुला शंका असेल, मला नव्हती. आता दार उघडा, पाय अवघडलेत माझे.”