जुसाराचे साठ दिवस

टेक्ससमधल्या फ्रिस्कोतल्या कुठल्याही मराठी घरी जेवायला जा. पुरुषमंडळी हातात ताटं घेऊन किचनच्या ओट्याभोवती उभी असतील आणि विषय एकच असेल, व्हिसा. कुणाची प्रायॉरिटी डेट पुढे सरकली, कुणाचं स्टॅम्पिंग मुंबईत अडकलं, कुणाच्या बायकोचं वर्क परमिट लटकलं. पूर्वी घरटी एकाला तरी खोकल्यावरचा काढा ठाऊक असायचा, तसं इथे प्रत्येकाला व्हिसातलं कळतं. आणि या वैद्यमंडळींत सिद्धेश पेठे म्हणजे साक्षात धन्वंतरी. पुण्याचा माणूस, एच-वन-बी या नोकरीच्या व्हिसावर आलेला आणि बारा वर्षं ग्रीन कार्डाच्या रांगेत तिष्ठत असलेला. त्याला फोन करून सल्ला विचारणारे लोक ह्यूस्टनपर्यंत पसरले होते. बायको म्हणायची, याला इमिग्रेशनवाल्यांनीच पगार द्यायला हवा.

त्याची बायको नेत्रा आणि तेरा वर्षांची लेक केया. केया व्हॉलीबॉलने झपाटलेली. डॅलसच्या बाजूला बायकांच्या व्हॉलीबॉलचा एक नवा व्यावसायिक संघ उभा राहिला आणि खेळाडूंना ठेवून घेणारी कुटुंबं हवीत अशी त्यांची मेल आली, तेव्हा नेत्राने लेकीपायी लगेच नाव दिलं. सिद्धेश कुरकुरला. त्याला वाटलं, कोणीतरी सहा फुटी अमेरिकन बाई येईल आणि रोज आपल्या ओव्हनमध्ये चिकन भाजेल. आली ती पाच फूट चार इंचांची, सावळी, कुरळ्या केसांची, ब्राझीलची जुसारा मोंतेइरो. वय बत्तीस, सोबत दोन बॅगा आणि डाव्या घोट्याला पट्टी.

इंग्रजी तिचं बेताचंच. पहिल्या संध्याकाळी सगळे अवघडून बसलेले असताना नेत्राने केयाला मराठीत विचारलं, "अगं, गाडीची चावी कुठे टाकलीस?" आणि जुसाराने पुढे होऊन फळांच्या टोपलीतून चावी उचलून तिच्या हातात दिली. तिघंही बघतच राहिले. मग लहान पोरांसारखा खेळच सुरू झाला. बटाटा दाखवला, तिच्या भाषेतही बटाटाच. पाव, साबण, काजू, सगळे शब्द उन्नीस-बीस तेच, कारण ब्राझीलची भाषा पोर्तुगीज. पोर्तुगीजांनी आपल्या किनाऱ्यावर जे लुटायचं ते लुटलं, पण जाताना एवढं सामान विसरून गेले, ते फ्रिस्कोत असं कामाला आलं. त्या रात्री जुसाराने बटाट्याची भाजी तीनदा वाढून घेतली.

हळूहळू तिची कहाणी कळत गेली. मिनास जेराइस नावाच्या डोंगराळ मुलखातलं तिचं गाव. बाप दुधाचा टँकर चालवायचा. शाळेच्या मागे सिमेंटच्या अंगणात दोन खांबांना दोरी बांधून पोरी खेळायच्या. तेराव्या वर्षी जिल्ह्याच्या संघाचा प्रशिक्षक आला, त्याने पोरींना भिंतीला टेकवून उंची मोजली, आणि हिच्यापाशी येऊन नकारार्थी मान हलवली. मग तिचा खेळ पाहिला आणि म्हणाला, हिला लिबेरो करा.

लिबेरो म्हणजे वेगळ्या रंगाचा शर्ट घालणारी खेळाडू. तिने मागच्या बाजूला उभं राहायचं, समोरून तोफेसारखा येणारा चेंडू जमिनीला टेकायच्या आत उचलायचा आणि दुसरीला द्यायचा. जाळीजवळ उडी मारून तो हाणायची तिला परवानगीच नाही. गुण दुसरीचा, टाळ्या दुसरीला, पोस्टरवर फोटोही दुसरीचाच. सिद्धेश पहिल्यांदा तिचा सामना बघायला गेला तेव्हा तासाभराने म्हणाला, "यार, हिने एकही पॉइंट काढला नाही?" केयाने कपाळावर हात मारून घेतला. "बाबा, शी इज द लिबेरो! शी सेव्ह्ड लाइक ट्वेंटी पॉइंट्स!"

सतराव्या वर्षी घर सोडून ती मोठ्या शहरातल्या क्लबच्या वसतिगृहात गेली. तो क्लब बुडाला. दुसऱ्यात गेली, तिथे तीन वर्षं टिकली. एकदा देशाच्या ज्युनियर संघाच्या शिबिराला बोलावणं आलं. पिवळा शर्ट घालून फोटो काढला, पण अंतिम यादीत नाव नव्हतं. तो फोटो अजूनही बापाने टँकरच्या काचेला चिकटवलेला आहे. मग पोर्तुगाल, मग रोमानिया, जिथे सरावाच्या हॉलमध्ये हीटर चालत नसे आणि पोरी हातमोजे घालून खेळायच्या. पुन्हा ब्राझील. आणि सगळं संपत आलं असं वाटत असताना अमेरिकेतली ही नवी लीग. खेळाडूंचा असतो तो पी-वन व्हिसा मिळाला आणि जुसारा टेक्ससला आली. तिला अजून दोन वर्षं खेळायचं होतं. लिबेरोला उंची नको, नजर हवी, आणि नजर आता कुठे पिकली आहे, असं ती म्हणायची.

हंगाम जानेवारीत सुरू झाला. जुसारा घरात अशी मुरली की नेत्राला ती येण्याआधी आपण वरची खोली कशाला वापरत होतो हे आठवेना. केया तर तिची सावलीच झाली. गॅरेजच्या दारावर चेंडू आपटून आपटून दोघींनी दाराला पोचे पाडले. सिद्धेश आधी ओरडला आणि मग स्वतःच चेंडू फेकून द्यायला उभा राहू लागला. ऑफिसातून आल्यावर तो तिला खोटे स्मॅश मारायचा, ती जमिनीवर लोळण घेऊन ते उचलायची आणि हसत म्हणायची, "सिद्धेश, हार्डर! माझी आजी याहून जोरात मारते."

फेब्रुवारीत एका दुपारी ती सरावाहून लवकर आली आणि ओट्याशी उभी राहिली. संघाने दुसरी लिबेरो घेतली होती, तेवीस वर्षांची. जुसाराचा करार महिनाअखेर संपवणार होते. महिना संपायला दहा-बारा दिवस होते.

नेत्राने तिला जवळ घेतलं. सिद्धेशने मात्र खुर्ची ओढली. माणूस रडायला लागला की त्याला काही सुचत नसे, पण अडचण व्हिसाची असली की त्याच्या अंगात बळ यायचं. "जुसारा, लिसन टु मी. जॉब गेला तरी ग्रेस पिरियड असतो. सिक्स्टी डेज. साठ दिवस तू इथे राहू शकतेस आणि तेवढ्यात नवी टीम शोधायची. डोंट पॅनिक."

"साठ?" जुसाराने दहा बोटं पसरून सहा वेळा हवेत नाचवली.

"साठ. अगं, आमच्यात किती जणांचा ले-ऑफ झालाय. सगळ्यांना मिळतात."

खोटं त्यात काहीच नव्हतं. त्याच्या ओळखीतल्या सगळ्यांना ते मिळालेच होते. नोकरी गेलेल्या संग्रामला मिळाले, गुरुदत्तला मिळाले. फ्रिस्कोत साठ हा आकडा आपल्याकडच्या दहा दिवसांच्या सुतकासारखा पाठ असतो, कुणी पुस्तक उघडून बघत नाही. सिद्धेशच्या ओळखीत एच-वन-बीवाले होते, कंपनीने बदलीवर पाठवलेले एल-वनवाले होते. पी-वनवर आलेला माणूस मात्र त्याने जुसाराआधी उभ्या जन्मात पाहिला नव्हता. हे त्याच्या लक्षात यायला हवं होतं. पण छातीठोकपणे बोलायची सवय लागलेल्या माणसाला स्वतःच्याच बोलण्याची शंका येत नाही.

त्याच आठवड्यात ओहायोतल्या एका संघाचा निरोप आला. जागा राखीव खेळाडूची होती, पण कागदपत्रं ते लगेच करणार होते. जुसाराचा ब्राझीलमधला एजंट म्हणाला, घेऊन टाक. ती सिद्धेशकडे आली.

"राखीव म्हणजे बाकावर बसायचं," सिद्धेश म्हणाला. "बत्तिसाव्या वर्षी बाकावर? घाई कशाला करतेस? टाइम आहे आपल्याकडे. चांगलं मिळेल ते घे."

तिलाही तेच ऐकायचं होतं. तिने ओहायोला नाही कळवलं. महिना संपला, करार संपला. ती रोज सकाळी पळायला जायची, दुपारी केयाच्या शाळेच्या बससाठी कोपऱ्यावर उभी राहायची आणि संध्याकाळी गॅरेजच्या दारावर चेंडू. फ्रिजवरच्या कॅलेंडरवर ती फुल्या मारायची आणि येताजाता सिद्धेशला उरलेला आकडा सांगायची. तो अंगठा दाखवायचा.

आणि खरोखर चांगलं मिळालं, हे या गोष्टीतलं सगळ्यात वाईट. एप्रिलच्या सुरुवातीला नॉर्थ कॅरोलायनातल्या एका संघाची लिबेरो घोटा मोडून बसली. त्यांनी जुसाराला चाचणीला बोलावलं. चाचणी देऊन परतताना तिने विमानतळावरून नेत्राला व्हिडिओ कॉल केला. उरलेला हंगाम आणि पुढचं पूर्ण वर्ष, दोन्हीचा करार, आणि सुरुवातीच्या सहा जणींबरोबर खेळायचं. केया सोफ्यावर नाचली. सिद्धेशने बाहेरून केक आणला. कॅलेंडरवर अजून तीन आठवडे शिल्लक होते आणि तो सगळ्यांना अभिमानाने सांगत होता, "बघ, म्हटलं होतं ना, टाइम आहे."

नव्या संघाची वकीलबाई दुसऱ्या दिवशी कॉलवर आली. जुसाराने सिद्धेशला शेजारी बसवून घेतलं होतं. वकीलबाईने पत्ता विचारला, पासपोर्टचा नंबर विचारला, मग विचारलं, आधीच्या संघातला शेवटचा दिवस कोणता? सिद्धेशने तारीख सांगितली. बाई लिहिता लिहिता थांबली. या वर्षीचीच तारीख ना, असं तिने दोनदा विचारलं.

"येस, बट वी आर वेल विदिन सिक्स्टी डेज," सिद्धेश म्हणाला.

बाईने चष्मा काढला. शांतपणे म्हणाली, ते साठ दिवस ठरावीक व्हिसांना आहेत. एच-वन-बी आहे त्यात, एल-वन आहे, आणखी काही आहेत. पी-वन नाही. करार संपला तेव्हाच हिचा मुक्काम संपला.

सिद्धेश भांडला. साठ दिवस, साठ दिवस, असं तीन-चारदा म्हणाला, त्याचा आवाज चढला. बाईने नियमाची लिंक पाठवली. त्याने ती तिथल्या तिथे उघडली. व्हिसांची नावं ओळीने लिहिलेली होती, आणि त्याने ती ओळ पुन्हा पुन्हा वाचली, जणू दहाव्यांदा वाचल्यावर त्यात पी उगवेल. आता देशाबाहेर जाऊन नव्या अर्जावर परत यावं लागेल, बाई सांगत होती, त्याला काही आठवडे, कदाचित महिने. संघाला खेळाडू शनिवारी हवी होती.

जुसारा त्याच्या तोंडाकडे बघत होती. एवढ्या वेगाच्या इंग्रजीतलं तिला फक्त साठ एवढं कळलं होतं. "काय म्हणते ती?"

सिद्धेशने लिंक बंद केली आणि म्हणाला, "लेट. शी सेज वी आर लेट."

एवढंच म्हणाला तो. पुढचं सांगण्यासाठी त्याने तोंड उघडलं होतं, पण जुसारा उठून वर गेली होती.

जुसाराला सगळं कळलंय असं धरून पुढचे चार दिवस त्याने काय नाही केलं! आपल्या कंपनीच्या वकिलाला फोन केला, संघाच्या मॅनेजरला हात जोडून मेल केली, ओहायोवाल्यांना फोन केला. त्यांनी केव्हाच दुसरी घेतली होती. ह्यूस्टनच्या निहारपासून सगळ्यांना विचारलं आणि सगळ्यांनी त्याला तेच विचारलं, "अरे पण साठ दिवस असतात ना?" शुक्रवारी नॉर्थ कॅरोलायनाच्या संघाने दुसऱ्या लिबेरोचा फोटो टाकला. केयाने तो पाहिला आणि फोन उशीखाली सारला. जुसाराने नेत्राला सांगितलं की गावच्या शाळेत खेळ शिकवायची नोकरी आहे, बापाने बोलून ठेवलंय. नवा व्हिसा मिळेपर्यंत तेहेतिशीला आलेल्या, घोट्याला पट्टी बांधलेल्या आणि सहा महिने न खेळलेल्या लिबेरोला कोण बोलावणार, हे तिला कुणी सांगायची गरज नव्हती.

रविवारी सगळे तिला डॅलसच्या विमानतळावर सोडायला गेले. सुरक्षा तपासणीच्या रांगेच्या तोंडाशी केया तिच्या गळ्यात पडून हमसाहमशी रडायला लागली. "इट्स नॉट फेअर! दे सेड यू हॅड टाइम!"

जुसाराने तिचे डोळे पुसले. "नो, केया. चूक माझी. तुझ्या पापाने मला बरोबर सांगितलं होतं, साठ. मी मोजायला चुकले. शेवटच्या सामन्यापासून धरले की करार संपल्यापासून, काहीतरी चुकलं माझं. मी शाळेतही गणितात अशीच."

सिद्धेशला वाटलं जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं. इतके दिवस घरात ती गप्प होती ती याच्यावर रागावून नव्हे, तर स्वतःवर. तो पुढे झाला. "जुसारा, नो. तू नाही चुकलीस. मी चुकीचं सांगितलं. ते साठ दिवस तुझ्यासाठी नव्हतेच. माझी चूक आहे, ऐक, तू ओहायोला गेली असतीस तर..." त्याचं इंग्रजी तिच्यापेक्षाही तुटायला लागलं.

जुसाराने त्याचं बोलणं मधेच थांबवलं आणि त्याचा गाल थोपटला. तिच्या डोळ्यांत पाणी होतं, पण ती हसत होती. "तू फार चांगला माणूस आहेस सिद्धेश. माझं दुःख तू स्वतःवर घेतोस."

"अगं नाही, खरंच सांगतोय. नेत्रा, सांग ना हिला!"

नेत्रानेही सांगितलं. जुसाराने तिचाही गाल थोपटला. मागून रांग पुढे सरकली, कुणीतरी एक्सक्यूज मी म्हणालं आणि ती आत गेली. दोरीच्या अलीकडून सिद्धेश अजून हाका मारत होता. तिकडे जुसाराने बूट काढून ट्रेमध्ये ठेवले, गणवेशातल्या माणसाने खूण केली, आणि ती दोन्ही हात वर करून यंत्रात उभी राहिली.