आबांच्या घरातलं एक मिनिट

सरोजताई गेल्याचा फोन आला तेव्हा मी अंबाजोगाईला, कॉलेजच्या ग्रंथालयात होते. तिच्या भावाने एवढंच सांगितलं, की सकाळी छातीत कळ आली आणि ती दवाखान्यापर्यंतही पोचली नाही. त्याला सहा आठवडे झाले. मला असं लिहिता येतं का, ठाऊक नाही... पण एक गोष्ट मी अजून कुणालाच सांगितलेली नाही.

सरोजताई आष्टीची. लढायांच्या इतिहासावर माहितीपट करायची. सेनापतींवर नाही, आमच्या भागातून फौजेत गेलेल्या साध्या जवानांवर. दुष्काळात गुरं चारा छावणीत गेली, आमच्या गावातली सहकारी दूध सोसायटी बंद पडली, तेव्हा सोसायटीची खोली ताईने कामासाठी घेतली. माझे आईवडील ऊसतोडीला जातात. घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. सुट्टीत ताईने माझ्या हातात माईक दिला.

तिची एक रीत होती. मुलाखत संपली की सगळ्यांनी एक मिनिट गप्प बसायचं आणि त्या घराचा नुसता आवाज भरून घ्यायचा. पुढे बोलणं कापून जोडताना मधल्या फटीत तो लागतो. घाटनांदूरजवळचे आबा एकाहत्तरच्या लढाईत होते. ते म्हणाले, "आमाला गोळ्या झाडाय शिकवलं पोरी, गप बसाय कुणी न्हाई शिकवलं." मग बसले. जरा आधीच त्यांनी सांगितलं होतं, की गोळीबाराचं काही वाटत नसे, तो थांबला की लई भ्याव वाटायचं... त्या मिनिटात त्यांचा श्वास होता, आणि लांब टँकरपाशी आदळणारे हंडे.

ते मिनिट मी पुसलं. रेकॉर्डरचं कार्ड भरलं होतं, ताई बाहेर गेलेली, पुढच्या मुलाखतीला थोडी तरी जागा हवी होती. ऐकून पाहिलं तर कुणी बोलतच नव्हतं, मला ते रिकामंच वाटलं. त्या उन्हाळ्यात घरात रिकामं भांडं दिसलं की टँकरखाली लावायचं, एवढंच मला कळत होतं.

ताईच्या लक्षात आलं तोवर आबा वारले होते. घराला कुलूप, मुलगा-सून कारखान्यावर. कार्डानेच दगा दिला, असं ती म्हणाली. मी मान हलवली. दुसऱ्या घरातला आवाज लावू या, असंही सुचवलं. "दुसऱ्याच्या घराची शांतता आबांला कशी लावू गं?" एवढंच बोलली. मग महिनोन् महिने ती जोडत राहिली. प्रत्येक फटीत गचका बसायचा, ती पुन्हा पहिल्यापासून लावायची. मी शेजारी बसून चहा करून द्यायचे... फिल्म तिथेच अडली आहे. मला ती पुरी करता येत नाही.

गेल्या रविवारी खोली रिकामी करायला गेले. तिची खुर्ची, हेडफोन, भिंतीवर दुधाच्या फॅटचा जुना तक्ता. मी माईक लावला आणि खुर्चीसमोर बसले. पंखा, तापलेल्या पत्र्याची टकटक. चाळीस सेकंद गप्प बसणं जमलं. मग तोंडून निघालं, "ताई, मीच पुसलं होतं."

मिनिट बिघडलं. फिल्मला त्याचा उपयोग नाही. पण हे मी पुसलेलं नाही.