बिनशेंगदाण्याची भज्जी

सोलापूरला एसटी बदलली तेव्हाच पाठ बोलायला लागली होती. पुण्याहून जळकोटला निव्वळ जेवायला जाणारी बाई मी एकटीच असेन. विनायकराव पूर्वी माझ्याबरोबर जळकोटच्या शाळेत शिक्षक होते. माझी बदली झाल्यापासून दरवर्षी त्यांचा फोन येतो, "बाई, येळवसला (वेळ अमावस्येला) शेतात या." मी कधी गेले नव्हते, आणि बाकी वर्षभर त्यांचंही अवाक्षर नाही. बायको जाऊन बराच काळ लोटलेल्या माणसाच्या या एका वाक्यात मी नको तेवढा जीव गुंतवून बसले होते. पन्नाशीत असल्या गोष्टींचाही शीण येतो. या खेपेला काय ते कळलं नाही, तर पुढच्या वर्षी फोन उचलायचा नाही, असं ठरवूनच निघाले.

हायवेला उतरून शेतात पोचेपर्यंत चपलेचा अंगठा तुटला. हरभऱ्यापलीकडे कोप (कडब्याची खोपटी) दिसली आणि मन खट्टू झालं. निम्मं गाव तिथं जेवत होतं! विनायकराव बांधावर उभे राहून रस्त्यानं जाणाऱ्या मोटारसायकलवाल्यालाही हाका मारत होते, "ओ पाव्हणं, दोन घास खाऊन जावा!" येळवसची रीतच ती. म्हणजे मलाही तसंच बोलावलं होतं.

"आलात व्हय बाई? बसा," एवढंच म्हणाले.

आंबील (ज्वारीच्या पिठाचं ताकातलं पेय) गार होती. ती प्यायले. भज्जीला (डाळी-शेंगा अन् पालेभाज्यांच्या मिसळीला) मात्र नको म्हटलं. "शेंगदाणे सोसत नाहीत मला."

"ठाऊक हाय की," म्हणत त्यांच्या आईनं कोपीतून लहान पातेलं आणलं. "ही तुमची. बिनशेंगदाण्याची."

"पण मी येणार हे कळवलं कुठं होतं?"

"न्हाय कळवलं. ह्यो दरसाल येगळी करायला लावतोय. तुमी येत न्हाय, मग सांजच्याला सोताच खातोय. इचारलं तर बोलत न्हाय."

शाळेत डब्यातले शेंगदाणे मी वेचून बाजूला काढायची, ते त्यांनी लक्षात ठेवलं होतं. इतकी वर्षं हा माणूस माझ्या वाटणीचं एकटाच संपवत होता. माझं त्यांच्यावर प्रेम आहे, हे तिथं मी पहिल्यांदा स्वतःशी कबूल केलं.

संध्याकाळी ते रस्त्यापर्यंत सोडायला आले. दिवसभर गावाला हाका मारणारा माणूस आता नुसता रस्त्याकडे बघत उभा. बस दिसली तेव्हा म्हणाले, "मग... पुढच्या येळवसला?"

"एवढं थांबायला नाही जमणार आता मला," मी म्हणाले.

ते बघतच राहिले. बसला हात करायचं राहून गेलं आणि ती सरळ निघून गेली.

"दुसरी येईल की," ते पुटपुटले. आम्ही बांधावर बसून राहिलो.

पुण्यात पोचले तेव्हा अंग पार आंबून गेलं होतं. प्रेम हा शब्द दोघांपैकी कुणीच काढला नव्हता, आणि नाही काढला तरी मला चालणार होतं. कुलूप काढत होते तोच फोन वाजला.

"बाई, पोचलात का?"

येळवसला अजून वर्ष होतं.