लाल ठिपक्यातलं गॅरेज

पोलीस मुख्यालयाच्या तिसऱ्या मजल्यावर, कायम बंद असलेल्या लिफ्टसमोरच्या खोलीत ताई बसायच्या. वर्दी नाही, दंडुका नाही. संख्याशास्त्राची पदवी आणि मानेला पट्टा. शहरभरच्या तक्रारी गोळा करायच्या, चोरी कुठे, कोणत्या वेळी, कशी झाली ते ताडून बघायचं आणि दर सोमवारी साहेबांपुढे नकाशा ठेवायचा. जिथे गुन्हे जास्त, तिथे लाल ठिपका. ठिपका दिसला की गस्तीची गाडी तिकडे निघायची. हवालदार ताईंना ‘हवामान खातं’ म्हणायचे. “काय ताई, या आठवड्यात कुठे बरसणार?” सुरुवातीला त्या हसायच्या. पुढेपुढे हसायचाही कंटाळा आला.

त्या वर्षी मोठ्या दवाखान्याच्या मागून स्कूटर चोरीला जाऊ लागल्या. ठिपका लाल झाला, मग गडद लाल. गस्त वाढली. त्याच ठिपक्यात ताईंच्या धाकट्या भावाचं गॅरेज होतं.

एका रविवारी भाऊ घरी आला. समोर ठेवलेल्या चहाला त्यानं हात लावला नाही.

“माझ्या मेकॅनिकला परत उचलून नेलं. स्कूटरचे पार्ट हाताळतो म्हणे. गॅरेजात दुसरं काय हाताळणार, भांडी?”

“चौकशी करून सोडतात ना रे?”

“सोडतात. पण दारात पोलिसांची गाडी बघून गिऱ्हाईक पाठ फिरवतं, त्याचं काय? वर हवालदार मलाच ऐकवतो, तुमच्या बहिणीचाच नकाशा आहे.”

भावाचं गॅरेज त्या भागात आहे हे ताईंना ठाऊक होतंच. पण नकाशावर माणसं कधी दिसायची नाहीत, दिसायचा तो रंग.

दुसऱ्या दिवशी त्यांनी अर्धी रजा टाकली आणि भर दुपारी दवाखान्यामागे जाऊन उभ्या राहिल्या. पुढचं पार्किंग गटाराच्या कामासाठी खणून ठेवलेलं होतं. त्यामुळे रुग्णांचे नातेवाईक मागच्या भिंतीला स्कूटर लावून आत जात होते. लांबच लांब भिंत. खिडकी नाही, दुकान नाही, बघणारं कुणी नाही. थर्मास घेतलेली एक बाई ताईंना विचारती झाली, “इथे लावली तर चालेल ना हो? सासूबाई आत आहेत, संध्याकाळ होईल मला.”

ताईंनी परत येऊन तक्रारी चाळल्या. जवळजवळ सगळ्या नातेवाइकांच्या, दुपारच्या. पण तक्रार नोंदली जायची संध्याकाळी, म्हणून गस्तही संध्याकाळी जायची, भिंत रिकामी झाल्यावर. मग समोर सापडेल त्याला धरायची.

“साहेब, ठिपका वस्तीचा नाही, भिंतीचा आहे,” त्यांनी सांगितलं. “पार्किंग मोकळं झालं आणि तिथे एक रखवालदार बसला, तर चोऱ्या थांबतील.”

“ताई, पार्किंग मोकळं करणं पोलिसांचं काम आहे का?”

“चोरी थांबवणं आहे ना?”

साहेबांनी चष्मा काढून डोळे चोळले. तेही थकलेलेच होते. “वरून मला विचारतात, किती पकडले. किती चोऱ्या झाल्याच नाहीत, हे मी कुठल्या रकान्यात भरू?”

तरी त्यांनी फोन केला. दवाखान्यानं बरेच आढेवेढे घेतले. अखेर खड्डा बुजला, रखवालदार बसला आणि चोऱ्या आटल्या. कुणी पकडलं गेलं नाही, म्हणून सोमवारच्या बैठकीत तो विषयही निघाला नाही. साहेबांनी पडद्यावरच्या नकाशाकडे बघून एवढंच विचारलं, “आता लाल कुठे आहे?”

“बाजाराच्या बाजूला. पण गाडी पाठवायच्या आधी मी एकदा बघून येते.”

“गाडी मिळणार नाही हं तुम्हाला.”

“बसनं जाईन.”

जाण्याआधी त्या भावाकडे वळल्या. मेकॅनिक काम सोडून गेला होता. पोरगा पुन्हा उचलला जाईल या धास्तीनं त्याच्या आईनं त्याला मामाकडे धाडलं, म्हणे. भाऊ स्वतःच या वयात एका स्कूटरखाली आडवा पडला होता.

“थांबल्या चोऱ्या?” त्यानं तिथूनच विचारलं.

“थांबल्या.”

“बरं झालं.” तेलकट हात बाहेर आला. “तो पाना दे.”

ताईंनी दिला. चुकीचा होता. भावानं हात लांबवून दुसरा घेतला. ताई जुन्या टायरवर बसल्या. बाजाराची बस नंतरची धरू, असं त्यांनी ठरवलं.